रीळखात्यातली नायकीण

रीळखात्यात शिरणाऱ्या प्रत्येक बाईच्या पाठीवर हात ठेवून ती विचारी, "जेवून आलीस ना गो?" नाही म्हणणारीला दाराशी बसवून आपल्या फडक्यातली अर्धी भाकरी देई. मगच कामाला लावी.

परळच्या आमच्या गिरणीत, सुताच्या लडी करणाऱ्या या खात्यात, ती बायकांची नायकीण, म्हणजे मुकादम, होती. कोण गरोदर, कोणाचा नवरा मारतो, कोणाचं मूल आजारी, सगळं तिच्या डोक्यात. कागद तिला लागतच नसे.

तुम्ही एखादा कारखाना वाढताना पाहिला असेल, तर पुढचं तुम्हाला ठाऊक असेल. एका शेडच्या तीन झाल्या आणि नवे मॅनेजर आले. त्यांनी छापील नियम लावले. प्रत्येक बाईला नंबर, हजेरीचं पुस्तक, आणि तीन दिवस न सांगता गैरहजर राहील तिचं नाव कमी. पुस्तक माझ्याकडे आलं. मी नवा कारकून. नियमांवर माझा फार विश्वास.

मी तिला नियम वाचून दाखवले. ती हसली. "भाऊ, नंबराला बाळंतपण येतं का रे?"

पावसाळा सरता सरता सत्तावीस नंबरची बाई बाळंत झाली. विधवा, घरात दुसरं कोणी नाही. नायकीण मला रोज सांगे, "आहे, मागे बसलीय." दोघींचं काम ती एकटी ओढत होती. आठव्या दिवशी मी आत जाऊन पाहिलं, तर सत्तावीसची जागा रिकामी. मी वर कळवलं. दोघींनाही काढलं.

जाताना ती माझ्या टेबलाशी थांबली. मला वाटलं, शिव्या घालील.

"बाजूला घेऊन विचारलं असतंस, तर खरं सांगितलं असतं मी," एवढंच म्हणाली.

त्याच थंडीत शहरात प्लेग आला. बायका मिळेल त्या बोटीनं कोकणात गेल्या. रीळखातं ओस पडलं. "त्या नायकिणीला बोलावून आणा," मॅनेजर म्हणाले, "तिच्या शब्दावर चार बायका तरी येतील." मी लगेच निघालो. माफी कशी मागायची, ते वाटभर जुळवत होतो.

लालबागच्या चाळीत तिच्या खोलीला कुलूप होतं. शेजारची म्हातारी बाहेर आली.

"त्या बाळंतिणीला गाठ आली. निम्मी चाळ गावाला पळाली, ही राहिली. पोर माझ्या ओटीत घातलं आणि तिच्या उशाशी जाऊन बसली. आधी ती गेली. चार दिवसांनी ही."

आत मूल रडू लागलं. म्हातारी वळली, पण थांबली.

"तुम्ही कोण तिचे?"

"गिरणीतला," मी म्हणालो.

तिनं दार लावून घेतलं.