सेयिलने लाटलेली दुपार

सेयिलच्या हातचा नान मधोमध नेहमी कच्चा असायचा. भट्टीपाशी थांबून राहणं तिला कधी जमलंच नाही. नवरा वारला तेव्हा जिबेक पाळण्यात होती. शाळेच्या स्वयंपाकघरात राबून सेयिलने तिला एकटीने वाढवलं, आणि वाढवलं ते जीव मुठीत धरून. पोरगी ओढ्यावर गेली की ही दारात. पोरगी शिंकली की ही मध घालून चहा करायला धावली. जिबेक लग्न होऊन डोंगरापलीकडे गेली तरी सकाळी फोन, दुपारी फोन. "आई, फोन जरा गार तरी होऊ दे," असं लेक म्हणते, हे सेयिल स्वतःच हसून सगळ्यांना सांगायची.

गावातल्या बायका नमदे, म्हणजे लोकरीचे जाड गालिचे, करायला बसत तेव्हा मात्र सेयिलकडे चहाचं काम येई. पिंजलेली लोकर बोरूच्या चटईवर अंथरायची, कढत पाणी शिंपडायचं, चटईची गुंडाळी बांधायची. मग बायकांनी गुडघ्यांवर ओळीने बसून, मनगटापासून कोपरापर्यंत हात टेकून ती पुढेमागे लाटायची. हात बरोबरीने पडले तर नमदा घट्ट होतो. आणि हात खरोखरच एक झाले, मधे श्वासाचंही अंतर उरलं नाही, तर त्या अंगणातली वेळ ताणली जाते. बाहेर दुपार सरून जाते, अंगणात चहाची वाफसुद्धा विरत नाही. गावात याला दुपार लाटणं म्हणत. उगाच कोणी त्या वाटेला जात नसे, कारण बाहेरची कामं काही थांबत नाहीत. नियम एकच होता. जिच्या माणसासाठी लाटायचं, तिने ओळीत बसायचं नाही. तिचे हात घाई करतात.

जिबेक बाळंतपणासाठी माहेरी आली होती. अंगणात लोकर अंथरून झाली होती, बायका जमल्या होत्या, आणि तेवढ्यात तिला रक्त जायला लागलं. गावातल्या नर्सने तिला ओसरीवर निजवलं आणि सेयिलला बाजूला घेऊन सरळच सांगितलं.

"हे माझ्या हातातलं नाही, ताई. डॉक्टरीणबाई निघाल्यात, पण पूल वाहून गेलाय. वळसा घालून यायचं म्हणजे संध्याकाळ. तिच्याकडे संध्याकाळपर्यंत वेळ नाही."

ओळीच्या टोकाला बसणाऱ्या म्हाताऱ्या बूबूकान आपांनी ते ऐकलं. "चटई बांधा," त्या म्हणाल्या. "दुपार लाटायची."

"अहो आपा, कशी लाटायची?" शेजारची तोतुया म्हणाली. "अर्धं गाव गुरं घेऊन वर कुरणात गेलंय. ओळीत एक जागा रिकामी राहतेय."

"सेयिल बसेल."

"ही? नियम बाजूला ठेवा, पण हिला नान भाजेपर्यंत धीर निघत नाही!"

"मग तू दोन जागांवर बस. तेवढी रुंद आहेसच."

कोणी हसलं नाही. सेयिल तोतुयाच्या शेजारी गुडघ्यांवर बसली.

हात पडले, उचलले, पुन्हा पडले. थोड्याच वेळात समोरच्या डोंगराची सावली हलू लागली, शेतातून पुढे सरकू लागली. सेयिलने रस्त्याकडे पाहिलं. रस्ता रिकामा होता. तिचे हात इतरांच्या आधी पुढे गेले आणि सावली जागच्या जागी थांबली. ओसरीवर जिबेक कण्हली.

पुन्हा सुरुवात झाली. पुन्हा तेच.

"अगं, ढकलू नकोस ना!" तोतुया ओरडली.

"मी मुद्दाम करतेय का? माझी पोरगी मरतेय तिकडे!"

"हो, मरतेय," आपा म्हणाल्या. त्यांचा आवाज चढला नव्हता. "आणि तू ढकललंस म्हणून गाडी लवकर येणार नाही. हात नुसते ठेव, सेयिल. लाटू नकोस. आम्ही नेऊ तिकडे जाऊ दे त्यांना."

तोतुयाने आपला जाडजूड हात सेयिलच्या हातावर टेकवला, दुसऱ्या बाजूच्या बाईनेही तसंच केलं. सेयिलने डोळे मिटले. लेकीसाठी काहीच न करणं हे तिने जन्मात केलं नव्हतं. खांदे ताठ होते, दात आवळलेले होते. मग तोतुयाच्या घामेजल्या हाताचं वजन जाणवलं, ते पुढे गेलं तशी ती पुढे गेली, मागे आलं तशी मागे. आपले हात कुठे संपतात ते तिला कळेनासं झालं.

बाकीच्यांनी जे पाहिलं ते तिला नंतर सांगितलं. सांडलेल्या चहासारखी सावली शेतभर पसरली. ढग घोड्यांसारखे उधळले. कुंपणापलीकडचं वासरू क्षणात इथे, क्षणात तिथे. आणि मग घाटातल्या वळणांवरून धुळीचा एक ठिपका मुंगीसारखा धावत खाली आला.

"सोडा!" फाटक वाजताच आपा म्हणाल्या.

बाहेर संध्याकाळ झाली होती. डॉक्टरीणबाई ओसरीवर वाकल्या आणि चक्रावल्या. "मला तर दुपारी फोन आला होता. हे आत्ता सुरू झाल्यासारखं दिसतंय."

"आत्ताच, बाई. चहा अजून गरम आहे," नर्स म्हणाली. "आधी तिच्याकडे बघा."

ओसरीवर पडदा ओढला गेला. बायका भिंतीला टेकून बसून राहिल्या. गावभर धारा न काढलेल्या गाई हंबरत होत्या. कुंपणावरून तोतुयाच्या नवऱ्याने डोकं वर काढलं.

"अगं ए! आम्ही जेवायचं की नाही? कितीदा हाका मारल्या, एकीने मान वर केली नाही!"

"चुलीवर पातेलं आहे, तुम्हाला हात आहेत! आणि हळू बोला जरा!"

तेवढ्यात पडद्यामागून बाळ रडलं. चांगलं खणखणीत, भांडल्यासारखं. डॉक्टरीणबाई बाहेर आल्या तेव्हा त्यांच्या कपाळावर घाम होता.

"मुलगी आहे. जिबेक दमलीय, पण धोका टळलाय. रक्त थांबलंय."

सेयिलने ते दोनदा विचारून घेतलं. ओसरीवरून जिबेकचा क्षीण आवाज आला, "आई, थांबलंय म्हणाल्या ना त्या."

नर्सने बाळ पुढे केलं. सेयिल घ्यायला गेली, पण हात उचलेनात. सोलवटलेले, लोकर चिकटलेले हात मांडीवर नुसते पडून राहिले. तोतुया तिला खेटून बसली, बाळ सेयिलच्या छातीशी टेकवलं आणि खालून स्वतःचा हात लावला.

"मी धरलंय," ती म्हणाली. "तू रडून घे."