फ्रेंच नटाचा गार चहा

अवनेर किहीमकरला आम्ही मिसिसागाकर मराठी मंडळी 'फ्रेंच नट' म्हणायचो. गडी मूळचा अलिबागकडचा बेने इस्राएल, म्हणजे आपला मराठी ज्यू, राहायला मॉन्ट्रियलला, आणि उभी हयात तिथल्या फ्रेंच सिनेमांत घातलेली. सिनेमे कसले, तर चार मित्रांनी पदरमोड करून काढलेले; थिएटरात माणसांपेक्षा खुर्च्यांचीच गर्दी. फ्रेंच मात्र पठ्ठ्याने अशी घोटली होती की बायको मिरियम म्हणायची, "मेला घोरतोसुद्धा फ्रेंचमध्ये!"

पण दिग्दर्शकांना त्याच्या तोंडून फ्रेंच नकोच असायची. कधी टॅक्सीवाला, कधी निर्वासित, आणि वर फर्मान: "तुझ्या भाषेत काहीतरी बोल."

मग हा बोलायचा! एका सिनेमात मुलाच्या कबरीवर ऊर बडवत म्हणाला, "हा मेला डायरेक्टर स्वतः गरम सूप ओरपतो, आणि आमच्या नशिबी गार सँडविच रे देवा!" पडद्यावर खाली अक्षरं आली: 'देवा, माझ्या लेकराला पदरात घे.' तिकडचा एक समीक्षक म्हणे रडला. इकडे आमच्या उमाताई हसून हसून सोफ्यावरून घसरल्या. तेव्हापासून अवनेरचा सिनेमा म्हणजे नंदन-उमाताईंच्या बेसमेंटात समोसे, आणि खालची अक्षरं कुणी वाचायची नाहीत असा दंडकच पडला.

मागच्या हिवाळ्यात मिरियम गेली. त्यानंतर अवनेरला पहिल्यांदा नायकाचं काम मिळालं, अर्धंअधिक फ्रेंचमध्ये. तो सिनेमा स्वतः घेऊन आला, आमच्यासाठी लायब्ररीचा हॉल ठरवला. दारात उभं राहून प्रत्येकाला सांगत होता, "यात चावटपणा नाही हं. एवढा एक नीट बघा."

"आता ही नवी युक्ती वाटतं, अवनेरभाऊ?" उमाताईंनी डोळा मारला.

पडद्यावर पलंग, पलंगावर निपचित पडलेली बायको. शेजारी अवनेर, हातात कप. बराच वेळ तो तिच्याशी फ्रेंचमध्ये बोलला. आम्ही आपले जांभया देत बसलो. मग आवाज घोगरा झाला आणि मराठी आली, "मिरियम, ऊठ की गं. चहा गार होतोय."

"अगं बाई! आधी सँडविच, आता चहा!" उमाताई ओरडल्या, आणि सगळा हॉल हशाने फुटला. पुढचं काही कुणाला ऐकूच आलं नाही. सिनेमातल्या बाईचं नाव मिरियम नव्हतं, पण ते कळायला अक्षरं वाचायला हवी होती.

दिवे लागले. नंदनने त्याच्या पाठीत थाप मारली, "काय हसवलंस लेका! आजवरचा तुझा बेस्ट!"

"मेर्सी," अवनेर म्हणाला, आणि कोट घालून निघून गेला.

त्यानंतर आमच्यातल्या कुणाशीही तो मराठी बोललेला नाही. परवा उमाताईंनी फोन स्पीकरवर टाकला. "अवनेरभाऊ, दिवाळीला येताय ना?"

त्याने अगदी मऊ, गोड आवाजात एक लांबलचक फ्रेंच वाक्य म्हटलं आणि फोन ठेवला.

"बघा, राग गेला वाटतं! किती गोड बोलले," उमाताई म्हणाल्या.

असेलही. फोनला खाली अक्षरं येत नाहीत.