आधी संडास फिटतो

भेंडी घेताना तुम्ही शेंडा मोडून बघता. मोबाईल घ्यायला चार दुकानं पालथी घालता. आणि वीस वर्षांच्या कर्जाला मात्र समोरचा पोरगा पेन्सिलीनं जिथं जिथं फुल्या मारून देतो, तिथं तिथं सह्या करून मोकळे होता. कागद वाचत नाही, बेरीज विचारत नाही. बाहेर आल्यावर पहिला प्रश्न काय, तर "पेढे कुठनं घ्यायचे?"

मी कुणाचं नाव घेत नाही. ज्याला लागायचं त्याला लागेल.

कर्जाचे हे किस्से मी काही गोळा करायला गेलो नव्हतो. बसच्या सीटखाली शेंगांची टरफलं साठतात, तसे ते साठत गेले. आमची कंपनीची बस शिरूरहून निघते, न्हावरे फाट्यावर उरलेली मंडळी घेते आणि सणसवाडीला पोचेपर्यंत बसमधल्या प्रत्येकाच्या घरातलं सगळं बाहेर येतं. मी अकाउंट्सला आहे, एम.कॉम. झालोय. एकदा तावातावात मी सगळ्या बससमोर बोलून गेलो की घराची किंमत बिल्डर सांगतो ती नसते, सगळ्या हप्त्यांची बेरीज केली की कळते ती असते. त्या दिवसापासून माझं नाव 'व्याज' पडलं. "सरका रं, व्याज आलं." "व्याज, खिडकी लाव, गार लागतंय." मला इन्क्रीमेंट मिळालं तेव्हा आख्ख्या बसनं टाळ्या वाजवल्या. व्याज वाढलं म्हणून.

पण त्याच बसमध्ये आप्पा बसायचे, म्हणून मी गप्प बसू शकत नव्हतो.

आप्पा मेंटेनन्सला फिटर, राहणारे न्हावऱ्याचे. त्यांच्या वडिलांपर्यंत घरात मेंढरं होती, आता ऊस आणि दोन गाई आहेत. त्यांचा गणेश पंचवीस वर्षांचा, शिक्रापूरला पर्मनंट. दौंडची मुलगी पसंत पडली, तिकडून होकार आला, फक्त एक अट आली. शिरूरला फ्लॅट पाहिजे. न्हावऱ्याचं चार खोल्यांचं घर, दारात नळ, मागं गोठा, हे चालणार नाही. मग पंचवीस लाखांचं कर्ज काढायचं ठरलं, मुदत तीस वर्षं. गणेश पंचावन्नचा होईल तेव्हा फिटणार. मी बेरीज करून दाखवली, बहात्तर लाखांच्या वर गेली.

आप्पा म्हणाले, "दौंडची बैठक होऊ दे. सुपारी फुटली की सही करतो."

म्हणजे माझ्या हातात बैठकीपर्यंतचाच वेळ होता.

*

पहिला किस्सा संतोषचा. संतोष प्रेस शॉपला, पत्र्याच्या मशीनवर आहे. पाच वर्षांपूर्वी त्यानं शिरूरला वन बीएचके घेतला, वीस लाखांचं कर्ज काढून. एक दिवस ऐटीत म्हणाला, "व्याज, आपलं निम्मं घर फिटलं असंल आता. जवळजवळ अकरा लाख भरल्यात."

मी स्टेटमेंट मागितलं. भरलेल्या अकरा लाखांतले सव्वादोन लाखच मुद्दलीत गेले होते. बाकी सगळं व्याज.

"म्हंजी किती घर माझं झालं?"

मी त्याच्या फ्लॅटच्या क्षेत्रफळाला भागून सांगितलं. साधारण साठ चौरस फूट.

संतोष विचारात पडला. "साठ म्हंजी काय काय येतं त्यात?"

मागच्या सीटवरून आप्पा म्हणाले, "संडास, बाथरूम, आन् बाहेरचं पायपुसणं."

त्यानंतर महिनाभर संतोषला कुणी 'कसा आहेस' असं विचारलं नाही. "पॅसेजपर्यंत आला का?" असंच विचारायचे. त्यानं घरी बायकोला सांगितलं, तर ती हसलीसुद्धा नाही. म्हणाली, "मग तुमची आत्या आली की तिला तिथंच बसवा. बाकीचं घर बँकेचं हाय, लोकांच्या घरात पाहुणे कशाला?"

*

शाळेत आम्हाला चक्रवाढ व्याज शिकवलं होतं. पण गणितातला रामराव नेहमी दोन नाहीतर तीन वर्षांत पैसे परत करायचा. वीस वर्षं हप्ते भरणारा रामराव पुस्तकात कधी आलाच नाही. मला याचा खरंच राग येतो. पण सुनीताताईंचा किस्सा ऐकल्यावर राग टिकत नाही.

सुनीताताई पॅकिंगला. त्यांनी सणसवाडीतच जुनी रूम विकून फ्लॅट घेतला. कर्ज देणाऱ्या माणसानं त्यांना सांगितलं होतं, "मॅडम, सोबत इन्शुरन्स आहे. तुम्हाला खिशातून एक रुपया काढायचा नाही."

ते खरंच होतं. साठ हजारांचा विम्याचा हप्ता त्यानं कर्जातच मिसळून टाकला होता. त्यावर वीस वर्षं व्याज. जेवणाच्या सुट्टीत मी म्हणालो, "ताई, त्या साठ हजारांचे तुम्ही जवळजवळ एक लाख तीस हजार देणार."

"आन् मिळणार काय?"

"तुम्हाला काही झालं तर कर्ज माफ."

"आन् न्हाई झालं तर?"

"तर काही नाही."

ताईंनी डबा बंद केला. "तरीच. सही केल्यापासनं ह्यांनी मला दोनदा ईचारलं, तुझं छातीत दुखायचं राहिलं का म्हणून. मी म्हटलं, माया आली वाटतं या वयात."

*

सुपरवायझर साहेब कधी कधी आमच्याच बसनं यायचे. त्यांना हे सगळं पोरकट वाटायचं. एकदा वळून म्हणाले, "व्याज, ही सगळी नाटकं ओळख नसलेल्यांसाठी. माझी बँक ओळखीची आहे. रेट किती वेळा वाढले, पण माझा हप्ता एक रुपयानं वाढवला नाही त्यांनी."

बसमधले सगळे माना डोलवायला लागले. साहेबच ते.

मी विचारलं, "साहेब, मुदत बघितली का?"

"मुदत कशाला बघायची? वीस वर्षांचं घेतलंय."

फोनमध्ये बघितलं. रेट वाढला तसा बँकेनं हप्ता खरंच वाढवला नव्हता. मुदत वाढवली होती. वीसची एकोणतीस वर्षं झाली होती. साहेब अठ्ठावन्नला रिटायर होणार आणि हप्ते त्रेसष्टपर्यंत जाणार. मेसेज आला होता, पण तो लॉटरी आणि गॅसच्या मेसेजमध्ये पडून होता.

साहेब शिक्रापूरपर्यंत जुने मेसेज चाळत बसले. उतरताना आप्पा त्यांना अदबीनं म्हणाले, "साहेब, निरोप समारंभाला बँकवाल्यांना पण बोलवा. आमी तुम्हाला सोडू, त्ये सोडायचे न्हाईत."

*

एवढं सगळं ऐकून, हसून, दुसऱ्यांची खेचूनही आप्पा मला घेऊन बिल्डरच्या ऑफिसात गेलेच. "तू फक्त ऐक," म्हणाले.

तिथं एसी, थंड सरबत, काचेच्या पेटीत इमारतीचं छोटं मॉडेल. टाय लावलेला एक पोरगा आला. त्यानं हप्ता सांगितला, वीस हजारांच्या आसपास.

मी म्हणालो, "तीस वर्षांचे मिळून एकूण किती?"

तो हसला. "सर, असं कुणी विचारत नाही."

"मी विचारतोय."

"सर, तुम्ही हप्ता बघा ना. रोजचे सातशे पण पडत नाहीत."

"आणि पंधरा वर्षांची मुदत घेतली तर?"

"हप्ता पाच हजारांनी वाढेल सर, कशाला उगाच?" पाच हजारांनी हप्ता वाढून एकूण सव्वीस लाख वाचतात, हे त्याला माहीत नव्हतं की सांगायचं नव्हतं, कुणास ठाऊक. मग त्यानं आप्पांकडं बघितलं. "काका, तुमचं वय? बावन्न? मग तुमच्या नावावर नको. मुलाचं नाव पुढं घेऊ. त्यांचं वय एकदम परफेक्ट आहे."

बाहेर आल्यावर आप्पांनी गाडीला किल्ली लावली. मग म्हणाले, "मेंढरू घेताना आमी दात बघायचो. किती वर्षं चालंल ते कळतं. आज त्या पोरानं माझे दात बघितले, मला सोडलं आन् गण्याला घेतलं."

मला वाटलं, जिंकलो.

कसलं काय. दुसऱ्या दिवशी गणेश बसच्या दारात उभा. माझ्यासाठी न्हावरे फाट्यावर मुद्दाम आलेला.

"दादा, तू आप्पाला काय काय दाखवतोस ते कळलं मला."

मी म्हणालो, "अरे, तुझ्याच तीस वर्षांचा हिशेब आहे. एक्सेलमध्ये सगळं क्लिअर दिसतं."

"मग त्याच एक्सेलमध्ये मला बायको दाखव."

एम.कॉम.ला याचं उत्तर शिकवत नाहीत.

*

मधल्या काळात एक बरी गोष्ट घडली. संतोषला दिवाळी बोनस मिळाला. मी त्याच्या मागंच लागलो, सगळा कर्जात भर म्हणून. बायकोला फ्रीज हवा होता. दोघांचं भांडण होऊन मध्यम मार्ग निघाला. छोटा फ्रीज आला आणि चाळीस हजार मुद्दलीत भरले. शेवटचे आठ हप्ते गळाले.

संतोषनं बसमध्ये केळी वाटली. "पॅसेज झाला," म्हणाला.

*

आणि मग दौंडची बैठक. रविवारी सकाळी संतोषच्या मामाच्या जीपमधून आम्ही निघालो. संतोष चालवायला, पुढं आप्पा, मागं आप्पांच्या मंडळी, नवा शर्ट घातलेला गणेश आणि मी. मला कशाला नेलं ते कळेना. भीमेच्या पुलावर आप्पांनी मागं वळून सांगितलं, "व्याज, तितं तोंड उघडायचं न्हाई. पोराच्या लग्नाचं हाय."

मी शब्द दिला. आणि खरं सांगतो, शेवटपर्यंत पाळला.

मुलीचे वडील गरीब स्वभावाचे, सारखे टोपी सरळ करत होते. सगळी सूत्रं मुलीच्या मामांकडं. मामांचा दौंडात स्वतःचा फ्लॅट, त्यामुळं ते खुर्चीत आणि बाकी आम्ही सगळे सतरंजीवर. पोहे आले. ताटात नारळ आणि सुपारी येऊन पडली. मुलगी, पूजा, आत दाराशी आईजवळ बसली होती.

मामांनी घसा साफ केला. "बाकी आमचं काय मागणं न्हाई. पोरीला शिरूरला फ्लॅट पाहिजे, बास. आवं, लोक कर्जाला उगाच भितात. मी घेतला न्हाई का? सहा वर्षं झाली. हप्ता एक रुपयानं वाढला न्हाई आजपातूर."

संतोष एकदम पोह्यातल्या शेंगदाण्यांकडं बघायला लागला. मी दात आवळून धरले. गणेशनं माझ्याकडं असं बघितलं, की मी बोललो तर मला पुलावरून खाली टाकेल.

बोलले ते आप्पा. अगदी मऊ आवाजात.

"व्हय का? म्हंजी बँक ओळखीची दिसतीय."

"तर."

"मग किती राहिलं असंल आता?"

"वीस वर्षांचं होतं. सहा गेली. चौदा राहिली."

"मोबाईलमधी दिसतं म्हणं ते. आमाला न्हाई त्यातलं काय कळत. जरा दाखवता का? गण्याला पण धीर यील."

मामांनी मोठ्या खुशीत फोन काढला. चष्मा लावला. बोट फिरवलं. चष्मा काढून पुसला. परत लावला. "नेट न्हाई हितं," म्हणाले.

"आण मामा, मी बघते." पूजा दारातून उठून आली. बी.कॉम.च्या शेवटच्या वर्षाला होती. फोन घेतला आणि मोठ्यानं वाचलं, "शिल्लक हप्ते दोनशे शहात्तर." मग मनातल्या मनात भाग दिला. "मामा, तेवीस वर्षं."

"चौदा."

"तेवीस लिहिलंय."

पूजानं फोन मामांना परत दिला आणि जाता जाता वडिलांना म्हणाली, "मला कुठं पाहिजे होता फ्लॅट? मामालाच पाहिजे होता. ह्यांचं न्हावऱ्याचं घर मला फोटोत आवडलं होतं."

गणेश एवढा लाल झालेला मी कधी बघितला नव्हता.

मुलीच्या वडिलांनी टोपी सरळ केली, मामांकडं बघितलं. मामा अजून फोनमध्येच होते. तेवढ्यात संधी साधून वडिलांनी ताट पुढं ओढलं. "राहू द्या मग त्ये फ्लॅटचं. चार खोल्या हायत, पाणी हाय. पुढं दोघं कमवून बघतील त्यांचं त्ये." आणि सुपारी फोडली.

आप्पांनी नमस्कार केला.

संतोषला मामांची दया आली. तो सरकत सरकत त्यांच्या खुर्चीजवळ गेला. "मामा, टेन्शन घिऊ नका. माझं पण तसंच हाय. पाच वर्षं हप्ते भरले, तर फकस्त संडास आन् बाथरूम माझं झालं. बाकी सगळं बँकेचं. आधी संडास फिटतो, मग हळूहळू पुढं सरकायचं."

मामी चहाचा ट्रे घेऊन दारात उभ्या होत्या. त्यांनी ट्रे खाली ठेवला, पदर खोचला आणि मामांना म्हणाल्या, "आवं, मग आपला संडास तरी फिटलाय का, त्ये ईचारा की त्यास्नी."