वंदनेनंतर लिफ्ट

आमच्या कुत्र्याला लिफ्टची भीती वाटते, असं मी कामावर सांगितलं तेव्हा शेजारच्या खिडकीवरची बाई पोट धरून हसली. मी परळच्या एका हॉस्पिटलात केसपेपरच्या खिडकीवर बसते. ती म्हणाली, "माझ्या सासूला पण वाटते. तिला कोण ट्रेनिंग देणार?" हसण्यासारखं होतंच, पण मला हसू येत नव्हतं. सकाळीच गुडघ्याच्या डॉक्टरांनी सांगितलं होतं की जिने बंद, एकदम बंद. आणि आम्ही राहायचो अकराव्या मजल्यावर, आणि आमचा कुत्रा जिन्याशिवाय खाली उतरायला तयार नव्हता.

घरात आम्ही तिघंच. आई, मी आणि तो. तो म्हणजे तपकिरी रंगाचा, एक कान कायम दुमडलेला गावठी कुत्रा. लालबागला चाळीत होतो तेव्हा दारागणिक त्याला वेगळं नाव होतं, त्यामुळे तो कुठल्याच नावाला ओ देत नसे. घरात आम्ही त्याला नुसतं "ए" म्हणतो.

तो आला तेव्हाच भेदरट होता. कुणी नुसता झाडू उचलला तरी कठड्याला चिकटून थरथरायचा. त्याला धीट कुणी केलं, असं विचारलं तर चाळ म्हणेल आम्ही केलं, आणि ते खरंही आहे. पण जाणूनबुजून कुणी काही केलं नाही. आमच्या गॅलरीत रोज तेच ते चालायचं. त्याच वेळी पाणी, त्याच वेळी धुणी, समोरच्या काकूंचं त्याच वेळी मुलावर खेकसणं. पुढे काय होणार हे ज्याला आधीच कळतं त्याला घाबरायचं कारण उरत नाही. वर्षभरात हा पठ्ठ्या गॅलरीच्या मधोमध आडवा पसरायला लागला, आणि माणसं त्याला ओलांडून जायला लागली.

मग चाळ पाडायची ठरली आणि आम्ही बाजूलाच नव्याने उभ्या राहिलेल्या टॉवरमध्ये आलो. माणसं सगळी चाळीतलीच, पण घरं चिठ्ठ्या काढून दिली, त्यामुळे शेजार पत्त्यांसारखा पिसला गेला. पाणी चोवीस तास आलं, गॅलरी गेली. आईला स्वतःचा संडास मिळाला म्हणून ती इतकी खूश होती की पहिले काही दिवस पाहुण्यांना आधी तोच दाखवायची. कुत्रा मात्र धुण्याच्या मशीनमागे जाऊन बसला. लिफ्टचं दार आपोआप उघडून आतली रेकॉर्ड केलेली बाई इंग्रजीत काहीतरी बोलली की हा चारही पाय फरशीत रोवायचा आणि त्याच्या तोंडून बारीक आवाज निघायचा. म्हणून मी त्याला सकाळ-संध्याकाळ जिन्याने नेऊ लागले. गुडघे सुजले ते त्यामुळे.

डॉक्टरांचं ऐकून आईने पदर खोचला. "बदलापूरला माझ्या भाच्याकडे पाठव त्याला. अंगण आहे, मोकळं आहे, सुखात राहील."

"आणि मी?"

"तुझं कंबरडं मोडलं तर मला कोण बघणार गं? मी बटण दाबून खाली जाणार काय?" आई कधीच एकटी लिफ्टमध्ये जात नसे. मी सोबत असले तरच, आणि तेव्हाही माझा दंड धरून. पण ते तिला भीती म्हणून कबूल नव्हतं. ती म्हणायची, मला कंटाळा येतो.

मामेभाऊ चांगला माणूस आहे. कुत्र्याला जीव लावला असता त्याने. तरी त्या दिवशी मी आईशी भांडले, जेवले नाही, आणि मशीनमागे हात घालून त्याच्या दुमडलेल्या कानाला हात लावून बसले. पन्नाशी उलटलेल्या बाईने असं बसावं का? बसावं. माझ्या घरात माझी वाट बघणारे दोन जीव, त्यातला एक कमी होणार होता.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी मला एक गोष्ट दिसली, जी खरं तर रोजच घडत होती. आई रोज दिवेलागणीला बुद्धवंदना घेते. हातपाय धुवायचे, मूर्तीपुढे मेणबत्ती, अगरबत्ती, मग त्रिशरण, पंचशील आणि पुढच्या गाथा. आईचा आवाज पातळ आहे, पण चाल एकदम पक्की. तिने काडी ओढली की कुत्रा मशीनमागून बाहेर यायचा आणि तिच्या मागे पंजांवर हनुवटी टेकून पडायचा. शेवटचं "साधु, साधु, साधु" झालं की उठायचा, अंग ताणायचा, एक जांभई द्यायचा. अगदी चाळीतल्यासारखा. मग त्याला आठवायचं की आपण कुठे आहोत, आणि परत मशीनमागे.

घर बदललं होतं, वंदना बदलली नव्हती. त्याला धरायला तेवढीच एक दोरी उरली होती. मी म्हटलं, तिच्याच टोकाला लिफ्ट बांधू या.

त्या दिवसापासून साधु म्हणून झालं, त्याने जांभई दिली, की लगेच आम्ही दार उघडायचो. मेणबत्ती तशीच जळत ठेवायची, मी पट्टा घ्यायची, आई सोबत. पॅसेजमध्ये लिफ्टपासून लांब बसायचं. सुक्या बोंबलाचा भाजलेला तुकडा द्यायचा. परत घरात. बस, एवढंच. लिफ्टचं नाव नाही काढायचं. आई म्हणाली, "ह्याला ट्रेनिंग म्हणतात? ही तर चैन आहे." पण ती रोज यायची. बोंबील तीच भाजायची, जळू न देता.

हळूहळू आम्ही लिफ्टजवळ सरकलो. पुढे तो दारासमोर बसू लागला. दार उघडायचं, बाई बोलायची, हा कान हलवायचा आणि माझ्या मुठीकडे बघायचा. एकदा त्याने नाक आत घालून वास घेतला. मला इतका आनंद झाला की मी दुसऱ्या दिवशी कामावर पेढे न्यायच्या बेतात होते. आईने अडवलं. "आधी पास तर होऊ दे."

आता हे सगळं पॅसेजमध्ये चाललेलं, आणि मजला चाळीतल्या माणसांचा. आमच्याकडे दार लावून बसणं म्हणजे आजारी असणं. रोज एकेक जण बाहेर यायला लागला. कुणी टाळी वाजवायचा, कुणी लिफ्टमध्ये उभा राहून "ये रे राजा, ये" करायचा, कुणी दाराला पाय लावून लिफ्ट अडवून धरायचा, आणि खालच्या मजल्यांवरून शिव्या यायच्या. प्रेमाने करत होते सगळं. पण एवढी तोंडं आपल्याकडे बघताना दिसली की कुत्र्याला वाटायचं, नक्की काहीतरी भयंकर होणार आहे. तो परत मागे सरकायला लागला.

इथे चिठ्ठीत आमच्यासमोर आलेल्या मालवणी काकींनी निदान केलं. "नजर लागली हा तेका."

आई म्हणाली, "आमच्यात हे करत नाहीत."

"तुमच्यात करनत नाय, ता माका म्हायत आसा. पन ह्येणां खंय पंचशील घेतल्यान?"

आई बाजूला झाली. काकींनी मूठभर मीठ, मोहऱ्या आणि लाल मिरच्या कुत्र्यावरून ओवाळल्या. इथवर ठीक होतं. पण चाळीत अर्धं आयुष्य गेलेल्या माणसाला जे सुचतं तेच त्यांना सुचलं. लोखंडी तव्यात करवंटीचे निखारे घेऊन त्या पॅसेजमध्येच आल्या आणि त्यावर ती मूठ टाकली. चाळीत धूर गॅलरीतून निघून जातो. इथे तो वर छताला गेला, जिथे एक पांढरी डबी होती. ती डबी कशासाठी असते ते त्या दिवशी सगळ्या टॉवरला कळलं.

भोंगा सुरू झाला. नजर असली की मिरच्यांचा ठसका लागत नाही म्हणतात. इथे तो सगळ्यांना लागला, म्हणजे काकींच्याच शास्त्राप्रमाणे कुत्र्याला नजर लागलेलीच नव्हती. वॉचमन धावत वर आला, वरच्या मजल्यावरचे लोक पोरंबाळं घेऊन जिन्यात उतरले. कुत्र्याने माझ्या हातातून पट्टा हिसकावला आणि तो थेट मशीनमागे. त्या रात्री त्याने अन्नाला तोंड लावलं नाही. दुसऱ्या दिवशी आईने काडी ओढली तरी तो बाहेर आला नाही.

आईने फोन उचलला आणि भाच्याला सांगितलं, "रविवारी ये. टेम्पो मिळाला तर घेऊन ये, तो गाडीत बसायचा नाही." फोन ठेवून ती माझ्याकडे न बघता म्हणाली, "त्याचे हाल बघवत नाहीत मला."

मी काकींच्या दारात जाऊन नको ते बोलले. जिभेला माझ्या हाड नाही, हे सगळ्यांना माहीत आहे. काकी ऐकून घेत राहिल्या. नंतर त्याच आमच्याकडे आल्या, डोळे लाल. "चुकला माजा. आता काय करू, ता सांग."

"काही करू नका."

"म्हंजे?"

"म्हणजे काही म्हणजे काही नाही. आम्ही बाहेर आलो की त्याच्याकडे बघायचं नाही, बोलायचं नाही. तो नाहीच असं समजायचं. सगळ्यांना सांगा."

काकींचा चेहरा असा झाला की जणू मी त्यांना उपास सांगितला. चाळीतल्या माणसाला दुसऱ्याकडे लक्ष देऊ नको म्हणणं म्हणजे माशाला पोहू नको म्हणण्यासारखंच आहे. पण त्यांनी मजलाभर निरोप फिरवला आणि तो पाळलाही गेला. आम्ही पॅसेजमध्ये आलो की माणसं मोबाइलमध्ये तोंड खुपसायची. काकींना मोबाइल बघता येत नाही, त्या भिंतीकडे तोंड करून उभ्या राहायच्या. दारं लावायला मात्र कुणी तयार झालं नाही. तेवढं मी सोडून दिलं.

आम्ही पुन्हा पहिल्यापासून सुरुवात केली. वंदना, जांभई, बोंबील. वंदनेला तो बाहेर यायला लागला. मग दारापर्यंत, मग पॅसेजमध्ये. रविवार जवळ येत होता आणि मला माहीत होतं की इतक्यात काही होत नसतं. भीती घाईने येते, पण जाताना सावकाश जाते. मी मनातून त्याला निरोप द्यायला लागले होते. त्याची ताटली घासली, जुनी चादर धुऊन घडी केली. मामेभावाला सांगायच्या गोष्टी मनात जमवत होते. संध्याकाळी काडी ओढा, एवढं त्याला कसं सांगावं ते कळत नव्हतं.

शनिवारी वंदना झाली. साधु म्हटलेलं मी ऐकलं. मी स्वयंपाकघरात बोंबील तोडत होते, आईने दार उघडलं. पॅसेजमधून लिफ्टवाल्या बाईचा आवाज आला, आणि दार सरकल्याचा. मी बाहेर आले तर पॅसेजमध्ये आई नाही, कुत्रा नाही. काकी भिंतीकडे तोंड करून उभ्या.

"काकी, आई कुठे गेली?"

"माका विचारू नको. मी बघूकच नाय!"

लिफ्टवरचे आकडे खाली उतरत होते. आत एकटी आई, जिला कुठलं बटण काय ते माहीत नाही, आणि भेदरलेला कुत्रा. तो तिला चावला तर? तिच्या छातीत कळ आली तर? आकडा चारवर थांबला. मी दुसऱ्या लिफ्टचं बटण दाबत राहिले, जसं काही जोरात दाबलं की ती लवकर येते. आकडा हलला आणि पुन्हा खाली जायला लागला.

मी खाली पोहोचले तेव्हा लिफ्ट रिकामी होती. वॉचमन म्हणाला, "माताजी तो बाहर गयी." गेटजवळच्या बाकावर आई बसली होती, पट्ट्याचं टोक मनगटाला गुंडाळून. कुत्रा कचऱ्याच्या डब्याभोवती मन लावून हुंगत होता, माझ्याकडे त्याने बघितलंही नाही.

"तू एकटी आत कशी गेलीस?" मी ओरडलेच.

"मी कुठे गेले? लिफ्ट उघडी होती, तो गेला आत. मग त्याला एकट्याला कसं पाठवू?"

"आणि बटण?"

"मी काही दाबलं नाही बाई. आम्ही दोघं उभे राहिलो गप. चौथ्या मजल्यावर एक मुलगी आली, तिने दाबलं. तो माझ्या पायावर बसला होता." तिने पाय पुढे करून दाखवला, साडीवर तपकिरी केस होते. "थरथरत होता. पण तो थरथरत होता की मी, ते काही कळलं नाही."

मी तिच्या शेजारी बसले आणि तोंडाला ओढणी लावून रडले. रस्त्यात, सगळ्यांसमोर. आईने मला रडू दिलं. मग माझा फोन मागितला, भाच्याचा नंबर लावून घेतला आणि नेहमीप्रमाणे ओरडून बोलली, कारण बदलापूर लांब आहे.

"ऐकतोस ना? उद्या ये. टेम्पो नको आणूस. नुसता जेवायला ये."