टोपीशिवाय सॅल्यूट

आमच्या घरात भांडणं होतात ती टीव्हीतल्या पोलिसांवरून. घरातले पोलीस, म्हणजे आमचे हे, रात्रीची मालिका लागली की सोफ्यावर बसतच नाहीत. बुटाला पॉलिश करत उभे राहतात. पाठ टीव्हीकडं, दोन्ही कान टीव्हीत.

मालिका विनोदी. एक ठाणं, त्यात पाच-सहा पोलीस, चोर कमी आणि चहा जास्त. साहेब दरोडेखोराला भीत नाहीत, पालीला भितात. मी सगळ्यांच्या नकला करते. पाल बघून टेबलावर चढणारे साहेब करताना आमच्या टेबलाचा एक पाय गेला, पण पोलीस लाइनीतल्या बायका अशा हसल्या की पाय वसूल झाला. यांचं मात्र ठरलेलं एकच वाक्य.

"डोक्यावर टोपी न्हाय अन् सॅल्यूट मारतोय! कुठं असतं असलं?"

डोक्यावर टोपी नसेल तर सॅल्यूट मारायचा नाही, नुसतं सावधान उभं राहायचं. हा नियम त्यांच्या हाडात मुरलाय.

"मग बघता कशाला?"

"म्या कुठं बघतोय? पॉलिश करतोय."

"कालपासून एकाच बुटाला?"

खरं दुखणं मला माहीत होतं. आम्ही बरीच वर्षं उमरग्याकडं, हायवेवरच्या एका ठाण्याच्या लाइनीत काढली. मग यांची बदली धाराशिवला नियंत्रण कक्षात झाली. कुणाची बदली झाली की ठाण्यात निरोप असतो: शाल, नारळ, एक रडकं भाषण आणि वर मटण. यांचाही ठरला होता. ठाणे अंमलदार, म्हणजे फिर्याद घ्यायला टेबलावर बसणारा यांचा जिवाभावाचा दोस्त, भाषण पाठ करत होता. आणि हे आदल्या दिवशीच गुपचूप सामान भरून निघाले. सगळ्यांसमोर डोळ्यांत पाणी आलं तर? दोस्त रुसला, त्यानं फोन केला नाही. यांनीही केला नाही.

आता यांनी नियंत्रण कक्षात कानाला हेडफोन लावून दिवसभर जिल्ह्याची भांडणं ऐकायची. शेजारी बसलेल्याशी बोलायला उसंत नाही. घरी आले की फ्रिज उघडतात, काही न घेता बंद करतात. गाडीला कुलूप लावलंय का ते बघून येतात. परत जाऊन बघतात. त्यांच्या फेऱ्यांनी माझ्याच पायांना मुंग्या यायला लागल्या.

एकदा मालिकेत मुद्देमाल म्हणून आणलेल्या बकरीनं पंचनामाच खाल्ला. यांच्या हातातला ब्रश खाली पडला. हसले! गदागदा हसले.

"आमच्याकडं कोंबडा होता," म्हणाले. "झुंजीच्या धाडीत धरलेला. सकाळी हजेरी घेताना माझं नाव पुकारलं की तोच आरवायचा. अन् अंमलदार म्हणायचा, हवालदार हजर! तेव्हापासून सगळे मलाच कोंबडा म्हणायला लागले."

हसता हसता थांबले आणि पुन्हा फेऱ्या सुरू.

"जाऊन या की एकदा," मी म्हटलं.

"गेलो अन् कुणी नीट बोललंच न्हाय तर?"

मग मी डोकं लढवलं. पुढच्या साप्ताहिक सुट्टीला म्हटलं, चला, तुळजापूरला देवीचं दर्शन घेऊन येऊ. एसटीत खिडकी मी धरली, तिकीटही मीच काढलं. तुळजापूरचं स्टँड आलं. मी जागची हलले नाही.

"अगं, उतर की."

"तिकीट उमरग्याचं आहे. देवीला इथूनच हात जोडा, ती समजून घेईल."

नळदुर्गापर्यंत हे तीनदा उठले आणि तीनदा बसले. कंडक्टर म्हणाला, "मामा, पोटात गडबड हाय का?" मी म्हटलं, "व्हय, पण औषध पुढच्या गावाला मिळतंय."

ठाण्यात तेच टेबल, तोच अंमलदार, मान खाली घालून लिहीत बसलेला. टोपी शेजारी. हे दारात उभे, चौकडीचा शर्ट, बोडकं डोकं. मी मागून ढकलायला हात उचलला, तेवढ्यात यांचाच हात वर गेला. खाडकन सॅल्यूट!

अंमलदारानं वर बघितलं. बघतच राहिला. माझी नाटकं भरपूर, पण त्या घडीला एक सुचेल तर शपथ.

"टोपी कुठंय, हवालदार?" शेवटी तो बोलला. "टीव्ही बघून शिकलास व्हय?"

यांचा हात तसाच कपाळाशी.

अंमलदार उठला, आपली टोपी उचलली आणि यांच्या डोक्यावर बसवली. त्याचं डोकं मोठं, त्यामुळं टोपी थेट नाकावर आली.

"नारळ कवाच खाल्ला आमी. शाल बायको पांघरती. मटण तेवढं ऱ्हायलंय, ते आज तुझ्याकडं," म्हणाला, आणि आत तोंड करून ओरडला, "अरं, बाहेर या सगळे! आपला कोंबडा आलाय!"

टोपीखालून घोगरा आवाज आला, "हजर!"