दोन गोण्यांचा उतार

बाबांना अर्धांगाचा झटका आला तेव्हा उजवा पाय गेला आणि बोलणं अडखळलं. हात तेवढे वाचले. वाक्य मनात पूर्ण असायचं, पण तोंडातून शब्द सुटेसुटे यायचे, आणि दोन शब्दांत एवढं अंतर पडायचं की ऐकणाऱ्याचा जीव कासावीस व्हावा. घरात आम्ही त्यावर तोडगा काढला होता. बाबांनी सुरुवात करायची, उरलेलं वाक्य आपण पूर्ण करायचं. मी तर त्यात पटाईत. "च..." म्हणाले की चहा हजर. आपण किती समजूतदार लेक आहोत, असं मला वाटायचं. डोंबलाची समजूतदार!

स्वारगेटजवळच्या सोसायटीत आमचं घर तळमजल्यावर, पण इमारतीच्या दाराला दोन पायऱ्या होत्या. त्या पायऱ्यांनी बाबांना घरात कोंडून ठेवलं. संध्याकाळी फाटकाजवळच्या बाकावर त्यांची पेन्शनर मंडळी जमायची. चाकाची खुर्ची स्वतः चालवत तिथे जायचं, कुणी ढकलत न्यायचं नाही, एवढा एकच हट्ट त्यांनी धरला होता. पायऱ्यांवर सिमेंटचा उतार बांधायला सोसायटीनं बराच खल करून परवानगी दिली, तीही आमच्यावर उपकार केल्यासारखी.

सामानाचा हिशेब मीच केला. हिंजवडीत बसून परदेशातल्या बँकांची सॉफ्टवेअर लिहिणाऱ्या बाईला बारा फुटांचा उतार म्हणजे काय अवघड? लांबी, रुंदी, जाडी यांचा गुणाकार केला. एक भाग सिमेंट, दोन वाळू, चार खडी. हिशेबात सिमेंटच्या दोन गोण्या आल्या, वर थोडं उरतच होतं. ज्या माणसानं आमचं जुनं घर स्वतः उन्हात उभं राहून बांधून घेतलं, तो शेजारीच बसला होता, पण त्याला विचारावं हे काही माझ्या डोक्यात आलं नाही. बाबांनीच कागदावर बोट ठेवलं.

"एक... गोणी..."

"एका गोणीत नाही होणार बाबा, दोन लागतील," मी म्हटलं आणि दुकानदाराला फोन लावायला उठले. मागे ते अजून काहीतरी म्हणत होते. मी फोनवर हॅलो हॅलो करत होते.

काम रविवारी काढलं, कारण मला सुट्टी तेवढीच. गवंडी सकाळी आला, पायऱ्यांपुढे विटांचे तुकडे आणि डबर रचून त्यानं उताराला आकार दिला आणि वरून काँक्रीट ओतायला घेतलं. बाबा दारात खुर्ची लावून बघत होते. पाणी पडलं की वाळू-खडी-सिमेंटचा ढीग बसतो, निम्म्याहून थोडा जास्त उरतो, हे माझ्या हिशेबात कुठेच नव्हतं. जेवणाच्या सुमाराला माल संपला आणि खालचे चारेक फूट कोरडेच राहिले. दुकान दुपारी एक ते चार बंद! पुण्यात आणखी काय होणार?

गवंडी म्हणाला, थांबू या, फक्त मध्ये जोड पडेल. नाहीतर इथंच संपवू, पण मग चढ उभा होईल. दुसऱ्या दिवशी ऑफिसच्या कामाची डिलिव्हरी होती, सगळं उरकून मला लॅपटॉप उघडायचा होता. मी म्हटलं, संपवा. त्यानं पुढचं डबर काढून टाकलं, ओला माल ओढून उतार आखूड केला आणि हात धुता धुता सहज म्हणाला, "ताई, एक गोणी जास्त आणायला पाहिजे होती."

मी वळून दाराकडे बघितलं. बाबांनी मान खाली घातली. त्यांचं अर्धं राहिलेलं वाक्य मला तेव्हा पूर्ण ऐकू आलं, आणि शरमेनं मेल्याहून मेल्यासारखं झालं.

आठवडाभर पाणी मारून झाल्यावर बाबा पहिल्यांदा उतरले. खुर्ची त्यांच्या हातून सुटलीच. वॉचमन धावला म्हणून बरं, त्यानं ती खालीच अडवली. वर यायला तर दोघांनी ढकलावं लागलं, तेही बाकावरच्या मंडळींच्या देखत. त्यानंतर बाबांनी बाकाचं नाव काढलं नाही. मी विचारलं की मान हलवून नको म्हणायचे.

शेवटी तो उतार फोडून नवा बांधायचा ठरवलं. यावेळी फोन आतल्या खोलीत ठेवला, कोरा कागद घेतला आणि त्यांच्यासमोर जमिनीवर बसले. "बाबा, तुम्हीच सांगा. किती गोण्या आणू?"

त्यांनी कागदाकडे बघितलं, मग माझ्याकडे. ओठ हलले, थांबले. मी जीभ दातांत धरून बसले, एक शब्द पुरवला नाही. त्यांच्यापुढच्या चहावर साय धरली. कितीतरी वेळानं त्यांनी कागद माझ्याकडे सरकवला.

"तूच... सांग," बाबा म्हणाले.