पुस्तकातून वगळलेली नापला

फेस्टी मॅनियन आयर्लंडमधल्या कॉनेमारात दलदलीतलं जळणाचं पीट कापायचा आणि उरलेल्या वेळात आयरिश भाषेत लिहायचा. १९५१ साली त्याने आपली कादंबरी सरकारी प्रकाशन कचेरीला पाठवली. तिच्यात त्याची बहीण नापला होती. लग्नाआधी दिवस गेले म्हणून पाद्र्याने तिला अशा मुलींना कोंडून राबवणाऱ्या नन्सच्या धुलाईघरात धाडलं होतं. ती तिथेच वारली. घरात तिचं नाव कोणी काढत नसे. फक्त फेस्टी आपलं लिखाण आईला वाचून दाखवी तेव्हा ते ऐकू येई.

कचेरीचं उत्तर आलं. भाषा अस्सल आहे, पुस्तक शाळांना लावू, मात्र त्या मुलीची प्रकरणं वगळावीत. आयरिश मुली अशा नसतात.

"वगळ की," बायको म्हणाली. "आयरिशमधलं दुसरं कोण छापतंय? आपलं गाढव?"

फेस्टीने चाळीस पानं चुलीत घातली.

पुस्तक आलं, तेव्हा निरक्षर आईने खुर्ची जवळ ओढली. "नापलाचं वाच."

"आई, ती यात नाही. देशाला शोभत नाही म्हणाले."

म्हातारीने खुर्ची पुन्हा मागे सरकवली.

"पाद्र्याने तिला नेलं, तेव्हा मी तोंड उघडलं नाही," ती म्हणाली. "पण मी अडाणी होते रे. तू तर शिकलेला."